मागाच्या शेडमधलं बोलणं

ताईकडे मी एकोणीस वर्षं आवाजाचं काम केलं. ती माहितीपट करते. तिचं नाव कुणाला ठाऊक असण्याचं कारण नाही, कारण तिच्या फिल्म्स कधी सिनेमागृहात लागल्या नाहीत. शाळेच्या हॉलमध्ये, कामगार संघटनेच्या कार्यालयात, नाहीतर एका वाहिनीवर दुपारी अडीच वाजता, जेव्हा माणसं जेवून आडवी झालेली असतात, तेव्हा त्या दाखवल्या जायच्या. सगळ्या मिळून तिनं आजवर अकरा केल्या. त्यातल्या नवांचा आवाज माझा. म्हणजे आवाज त्या त्या माणसांचा, तो पकडून ठेवणारा मी. ती मला कानसेन म्हणायची. कौतुकापेक्षा चिडवणंच त्यात जास्त होतं. कानावर सतत हेडफोन असल्यामुळे तिनं मारलेली हाक मला कधीच ऐकू जायची नाही.

आधी ती साबणाच्या जाहिराती करणाऱ्या एका कंपनीत मदतनीस होती. एकदा टबभर फेस हवा होता. तो फेस टिकून राहावा म्हणून एक माणूस सकाळपासून हातांनी पाणी घुसळत बसला होता. संध्याकाळी त्याच्या हातांची सालपटं निघाली. ताईनं दिग्दर्शकाला विचारलं, "यांचे हात घेऊ का दोन मिनिटं?" तो म्हणाला, "घे की. आपण हँडक्रीमची जाहिरात करू तेव्हा उपयोगी पडतील." सगळे हसले. ताईसुद्धा हसली, आणि त्याचीच तिला नंतर इतकी लाज वाटली की आठवड्याभरात तिनं राजीनामा दिला. तेव्हा ती एकतीस वर्षांची होती. पहिली फिल्म तिनं त्या फेस घुसळणाऱ्या माणसावरच केली.

तिची पद्धत भलतीच वेळखाऊ होती. कॅमेरा न काढता ती आठ-आठ दिवस लोकांत जाऊन बसायची. बस धुणाऱ्या कामगारांवरची फिल्म करताना तर तिनं पहिल्या दिवशी हातात झाडूच घेतला. मुकादमानं तिला नवीन भरती समजून दोन बस जास्तीच्या धुवायला लावल्या. तिनं त्या धुतल्या, आणि नवव्या दिवशी कॅमेरा बाहेर काढला, तेव्हा मुकादमाचा चेहरा बघण्यासारखा झाला होता.

तिचं लग्नही झालं होतं. दोन वर्षं टिकलं. नवरा भला माणूस होता, दवाखान्यात काम करायचा. निघून जाताना तो एवढंच म्हणाला, "फिल्ममधल्या प्रत्येक माणसाला तू विचारतेस, जेवलात का. मला एकदा तरी विचारलंस?" ताईनं हे मला स्वतः सांगितलं, तेही बसस्टॉपवर उभं राहून, दुसऱ्या कुणाची तरी हकीगत सांगावी तसं. मग म्हणाली, "त्याचं बरोबरच होतं. बस आली बघ."

त्यानंतर घरात ती आणि तिची आई, दोघीच. आईनं सव्वीस वर्षं कापडाच्या कारखान्यात माग चालवले होते. मागाच्या शेडमध्ये शंभर-दीडशे यंत्रं एकदम धडधडतात. त्यात कान जातात. आईचेही गेले होते. समोरच्याच्या ओठांकडे बघून ती बोलणं समजून घ्यायची, आणि स्वतः मात्र शेजारच्या इमारतीला ऐकू जाईल इतक्या जोरात बोलायची. मी त्यांना मावशी म्हणायचो. घर दोन खोल्यांचं. बाहेरच्या खोलीत आमचं एडिटिंगचं टेबल, आतल्या खोलीत मावशींची खाट आणि इस्त्री. ताई दिवसभर बाहेर माणसांना बोलतं करायची आणि घरी आली की मुकी व्हायची. मावशींनी तिच्या फिल्म्स पाहिल्या नव्हत्या. त्या म्हणायच्या, "तुझ्या फिल्ममध्ये सगळे बोलतच बसतात. मला काय कळणार त्यातलं?" ताईनंही कधी आग्रह धरला नाही.

सातवी फिल्म तिनं मागावरच्या बायकांच्या कानांवर करायला घेतली. आईला मात्र सांगितलं, कापडावर आहे. मी विचारलं, खोटं कशाला? तर म्हणाली, "तिला वाटेल, हिनं माझं दुखणं विकायला काढलं."

कारखाना तीन तासांच्या बसप्रवासावर होता. मॅनेजरला 'महिला कामगारांचं जीवन' हे शब्द आवडले आणि परवानगी मिळाली. आम्ही शेडमध्ये पाऊल टाकलं आणि माझ्या यंत्राचा काटा जो उजव्या टोकाला जाऊन चिकटला, तो बाहेर पडेपर्यंत हललाच नाही. पहिल्या दिवशी दोन तास रेकॉर्ड केलं तरी एकच गडगडाट. मी ताईला खुणेनं सांगितलं, इथं मी नुसता हमाल. पण त्या गडगडाटात बायका गप्पा मारत होत्या. एकमेकींपासून दहा-दहा हात लांब, हात कामात, आणि तोंड मोठं मोठं करून हलवत, आवाज न काढता. मधूनच हसायच्या. ताईचा कॅमेरा त्यांच्या चेहऱ्यांवर बराच वेळ रेंगाळत राहायचा.

पाळी सुटल्यावर आम्ही कँटीनमध्ये मुलाखती घ्यायचो. तिथं प्रत्येक बाई एकच सांगायची, "ऐकू येतं की. चांगलं ऐकू येतं." एका वयस्क बाईंना ताईनं विचारलं, "किती वर्षं झाली इथं?" त्या म्हणाल्या, "दोन मुली." ताईनं तो भाग ठेवला नाही. लोक हसतील, म्हणाली. सगळ्यांत छान बोलली ती चौदा नंबरच्या मागावरची बाई. तिथं सगळ्याजणी एकमेकींना नंबरानंच हाक मारत, म्हणून आम्हीही तिला चौदा नंबर म्हणायचो. वय पस्तिशीचं, तरतरीत, प्रत्येक प्रश्नाला नेमकं उत्तर. ती हसून म्हणाली, "माझे कान? सुई पडली तरी कळते, बाई."

महिन्यानं आम्ही घरी एडिटिंगला बसलो. फिल्म काही उभी राहत नव्हती. कानांवरची फिल्म, आणि सगळ्या म्हणतायत आमचे कान ठणठणीत. एका दुपारी ताई शेडमधलं चित्रण नुसतं पुढेमागे करत होती. मावशी इस्त्रीचे कपडे घेऊन बाहेर आल्या, पडद्याकडे त्यांचं लक्ष गेलं, आणि त्या खो खो हसायला लागल्या.

ताईनं वळून, तोंड त्यांच्याकडे करून विचारलं, "काय गं?"

"ती बघ ना, काय म्हणतेय याला!" मावशींनी माझ्याकडे बोट दाखवलं. "म्हणतेय, कानांवर दोन वाट्या लावून फिरतोय, कुणीतरी काही वाढेल म्हणून."

मी पडद्याकडे पाहिलं. बावीस नंबरची बाई तोंड हलवत होती आणि तिच्या पलीकडची हसत होती. आमच्याकडे या बायकांचं नऊ तासांचं बोलणं होतं, आणि आम्ही ते मुकं समजून बाजूला ठेवलं होतं.

मावशींना फिल्म कशावर आहे ते तेव्हाच कळलं. पण त्या रागावल्या नाहीत. स्टूल ओढून बसल्या आणि म्हणाल्या, "कापडावर म्हणे! लाव पुढचं." चार दिवस त्या बसल्या. त्या सांगायच्या आणि ताई लिहून घ्यायची. कुणाचा दीर भांडकुदळ होता, कुणाला नवीन चप्पल चावत होती, मॅनेजरच्या केसांचा रंग उन्हात कसा उतरतो यावर तर अख्खी रांग बोलत होती. मावशी इतक्या खुशीत होत्या, जणू खूप वर्षांनी मैत्रिणी घरी आल्या होत्या.

चौथ्या दिवशी पडद्यावर चौदा नंबर आली. शेजारणीशी बोलत होती. मावशी स्टुलावरून पुढे सरकल्या.

ताईनं विचारलं, "काय म्हणतेय?"

"जरा मागे घे."

परत लावलं. मग मावशी त्यांच्या त्या मोठ्या, सपाट आवाजात एकेक वाक्य सांगत गेल्या. "म्हणतेय, त्या कॅमेरावालीला सांगितलं, सगळं ऐकू येतं. दुसरं काय सांगणार? काढून टाकतील. घरी पोरगी हाक मारते, माझं लक्ष नसलं तर कळत नाही. पोरगी शाळेत सांगते, माझी आई माझ्यावर रागावलेली असते. मी रागावलेली नाही गं. मला ऐकूच येत नाही."

ताईचा हात वहीवर थांबला होता.

मावशी म्हणाल्या, "मीसुद्धा हेच सांगायचे. ऐकू येतं म्हणून."

"कधीपासून?"

"तू दुसरीत होतीस."

ताईची समजूत होती की आईचे कान नोकरीच्या शेवटच्या चार-पाच वर्षांत गेले. ती म्हणाली, "दुसरीत? मग मी शाळेतलं सगळं सांगायचे ते?"

"तोंडाकडे बघायचे तुझ्या. फार भरभर बोलायचीस. पण कळायचं बरंचसं." एवढं बोलून मावशी उठल्या आणि कपडे उचलून आत गेल्या.

त्या संध्याकाळी ताई मला बसस्टॉपपर्यंत सोडायला आली. एरवी यायची नाही. चालता चालता म्हणाली, "लहानपणी मी बोलायला लागले की आई हातातलं काम टाकून माझ्याकडे एकटक बघायची. वर्गातल्या मुलींना मी ऐटीत सांगायचे, माझी आई माझा शब्दन्‌शब्द ऐकते. कानसेन, ती वाचत होती रे मला." बस आली, मी चढलो. मागे पाहिलं तर ती तशीच उभी होती.

वाहिनीवरच्या अधिकाऱ्याचं नाव आम्ही दुपारवाला ठेवलं होतं, कारण त्यानं आम्हाला दुपारशिवाय कुठली वेळच दिली नव्हती. त्याला ताईनं चौदा नंबरचा तो तुकडा दाखवला. तो खुर्चीतून उठलाच. "ओठांवरचं बोलणं, खाली अक्षरं! अहो, हीच तर फिल्म आहे. संध्याकाळी साडेसातची वेळ देतो."

ताई म्हणाली, "आधी तिला विचारून येते."

"विचारलंत तर ती नाही म्हणेल."

"म्हणूनच विचारायचं."

आम्ही रविवारी गेलो. चौदा नंबरचं घर एका खोलीचं, खिडकीत वाळत घातलेले शाळेचे मोजे. नऊ-दहा वर्षांची मुलगी गणितं सोडवत बसली होती. ताईनं समोर बसून हळूच सांगितलं की जे दाखवायचं आहे ते फक्त तुम्हाला. बाईनं मुलीला दुकानातून दूध आणायला पिटाळलं. ताईनं छोट्या पडद्यावर तो तुकडा लावला, खाली अक्षरं उमटत गेली. बाईनं तो पूर्ण पाहिला. तिचा चेहरा आधी लाल झाला, मग पांढराफटक.

"हे तुम्हाला कुणी सांगितलं?"

"माझी आई मागावर होती. तिला ऐकू येत नाही."

"मग तिचं लावा ना फिल्ममध्ये. माझं कशाला?" तिचा आवाज चढला. "बाई, आम्ही तिथं बोलतो, कारण ते कुणाला ऐकू जात नाही. घरात सासू, बाहेर मुकादम. जगात तेवढी एकच जागा आहे माझी. तिथंही तुम्ही आलात."

ताईनं युक्तिवाद केला असता तर तिला मुद्दे कमी पडले नसते. या बाईमुळे शंभर जणींचं भलं होईल, असं सांगता आलं असतं. ती म्हणाली, "काढून टाकते."

"सगळं?"

"सगळं. तुमचंच नाही, सगळ्यांचं."

तेवढ्यात मुलगी परत आली आणि दारातून म्हणाली, "आई, सुटे नव्हते त्यांच्याकडे." बाई पाठमोरी होती. ती वळली नाही. ताईनं नुसती नजर दाराकडे नेली. बाईला ते कळलं, ती वळली आणि मुलीला म्हणाली, "काय म्हणालीस राणी? परत सांग."

घरी येऊन तिनं तो तुकडा पुसला. मी विचारलं, "मूळ चित्रणसुद्धा?" ती म्हणाली, "मूळ चित्रणसुद्धा. चेहरे दिसतात ते सगळं." नऊ तासांतला उरला तो जेमतेम पाऊण तास, नुसते हात, सूत आणि ते सूत घेऊन मागावर इकडून तिकडे धावणारे धोटे. मला फार वाईट वाटलं, आणि खरं सांगतो, रागही आला. मी म्हणालोसुद्धा, "आपली वर्षाची मेहनत गेली." ती म्हणाली, "आपली होती कुठे?"

दुसऱ्या दिवशी मावशींनी विषय काढला. त्यांना सगळं कळलं होतं, ताईच्या चेहऱ्यावरून. म्हणाल्या, "मी बसते कॅमेऱ्यासमोर. मला आता कोण कामावरून काढणार आहे? पण एक. मी खोटं खोटं गोड बोलणार नाही. तू रडायचीस आणि मला कळायचंच नाही, तेही सांगणार."

आणि त्यांनी सांगितलं. खिडकीपाशी बसून, हात मांडीवर ठेवून, सलग तीन दिवस. एकदा तापात ताई पहाटेपासून हाका मारत होती आणि मावशी भिंतीकडे तोंड करून निजलेल्या होत्या, हे त्यांनी सांगितलं तेव्हा कॅमेऱ्यामागे ताई होती. चित्र जरासुद्धा हललं नाही. मी हेडफोनमधून ऐकत होतो, मला तिचा श्वास ऐकू आला. तो फिल्ममध्ये आहे. मी मुद्दाम काढला नाही, आणि तिनं कधी विचारलं नाही.

फिल्म अडतीस मिनिटांची झाली. दुपारवाल्यानं दुपारी अडीचची वेळ दिली. कामगारांच्या वसाहतीतही आम्ही ती दाखवली. साठ खुर्च्या मांडल्या होत्या, अकरा माणसं आली. चौदा नंबर येऊन दारापाशी उभी राहिली आणि संपण्याआधी गेली. मावशी पहिल्या रांगेत बसून स्वतःच्याच ओठांकडे बघत होत्या. शेवटी म्हणाल्या, "फार तोंड वाकडं करते गं मी."

पण फिल्म कुणीतरी पाहिली असावी. वर्षभरानं आरोग्य खात्याची माणसं त्या कारखान्यात गेली. सगळ्यांचे कान तपासले. बायकांना कानात घालायला बोळे मिळाले, नव्या मुलींची दर सहा महिन्यांनी तपासणी सुरू झाली. ज्यांचे कान फार गेले होते अशा एकतीस जणींना मागावरून काढून घडी घालायच्या खात्यात बसवलं. काम हलकं, पगारही हलका. त्यांत चौदा नंबर होती.

आम्हाला ती दोन वर्षांनी भेटली, कारखान्याच्या रस्त्यावर. आम्ही तिथं दुसऱ्याच कामासाठी गेलो होतो. ताई थांबली, समोर जाऊन उभी राहिली आणि विचारलं, "कशा आहात?" बाई म्हणाली, "घडी खात्यात आहे. तिथं शांत असतं म्हणे. मला काय, मला सगळीकडे शांतच." मग म्हणाली, "पोरीला कळलं. चांगलं झालं ते." तिनं पिशवी या हातातून त्या हातात घेतली. "पण तिथं आम्हाला पाठीला पाठ लावून बसवतात, बाई. कुणाचं तोंडच दिसत नाही." आणि ती चालायला लागली. ताईनं मागून हाक मारली नाही. मारून उपयोगही नव्हता.

त्यानंतर ताईनं एक फिल्म लवकर उरकली आणि एक अर्धवट सोडली. माणसांत जाऊन बसायची, पण पूर्वीसारखी रमायची नाही. मग एका थंडीत मावशी गेल्या. दुपारच्या झोपेतच, काही त्रास न देता. आतली खोली ताईनं तशीच ठेवली, फक्त इस्त्री शेजाऱ्यांना दिली. मी आठवड्यातून एकदा जायचो. ती मला समोर बसवायची, दिवा चेहऱ्यावर येईल असा फिरवायची, आणि एकेक शब्द ओठांनी नीट उच्चारत बोलायची. दोन-तीनदा मी काही म्हणालो नाही. मग एकदा म्हटलं, "ताई, मला ऐकू येतं." ती थांबली. म्हणाली, "हो रे. विसरते मी."

मीही पुढे तिला सोडलं. कार्टूनच्या आवाजांचं पक्कं काम मिळालं, घरी माणसं वाढली होती. सांगायला गेलो तर तिनंच माझी समजूत काढली. "अरे, छोटा कॅमेरा आलाय आता. माइक त्यातच असतो. तुझी हमाली वाचली." शिव्या दिल्या असत्या तर बरं वाटलं असतं. आता मी ससे आणि अस्वलांना आवाज लावतो, आणि ती एकटी सकाळच्या बसनं जाते, पाठीवर पिशवी, हातात कॅमेऱ्याची तिपाई. वय साठीच्या पुढे गेलंय.

गेल्या महिन्यात तिचा फोन आला. बंद पडलेल्या कारखान्यांच्या पहारेकऱ्यांवर ती फिल्म करते आहे. आवाज जरा साफ करून दे, म्हणाली. पाठवलेलं चित्रण मी सुट्टीच्या दिवशी ऐकायला बसलो. एक म्हातारा पहारेकरी फाटकाशी खुर्ची टाकून बसलेला. बराच वेळ काहीच नाही, वारा, पत्र्याची करकर, लांबून एखादी गाडी. मग कॅमेऱ्यामागून ताईचा आवाज येतो, "एकट्याला कंटाळा येत नाही?"

म्हातारा म्हणतो, "येतो की. तुम्हाला नाही येत?"

मग पुन्हा वारा. आणि खूप वेळानं, माइकच्या अगदी जवळून, "येतो."

मी तिला फोन केला. या जागेचं काय करायचं, विचारलं. तिला कुठली जागा ते लगेच कळलं. म्हणाली, "त्याचा प्रश्न राहू दे. माझं उत्तर काढ."

मी म्हटलं, "ताई, राहिलं तर काय बिघडलं?"

"फिल्म त्याच्यावर आहे रे."

मी ते काढलं. मग म्हटलं, रविवारी येतो घरी. ती म्हणाली, रविवारी नको, रविवारी त्याची पाळी असते, मी त्याच्याकडे चाललेय, पुढच्या आठवड्यात बघू. पुढच्या आठवड्यात माझं काम निघालं.